दिवसभर राबणाऱ्याला व्यायाम कशाला?

"आमी दिवसभर वावरात राबतो, आमाले व्यायाम कायले पायजे?" विदर्भातल्या कोणत्याही गावात, पारावर किंवा पानटपरीसमोर, व्यायामाचा विषय काढला की हा प्रश्न ऐकू येतो. विचारणारा माणूस आळशी नसतो. पहाटे गोठा साफ करून वावराकडे निघणारा आणि दिवेलागणीला परतणारा तो माणूस असतो आणि त्याच्या प्रश्नामागे एक साधा हिशेब असतो: व्यायाम म्हणजे अंग थकवणे, अंग तर रोजच थकते, म्हणजे व्यायाम झाला. या हिशेबाची पहिली पायरीच चुकलेली आहे. तिच्यावर उभे राहिलेले अनेक गैरसमज गावोगाव माणसांचे नुकसान करत असल्यामुळे हा विषय थोडा सविस्तर मांडणे मला गरजेचे वाटते.

स्नायूंवर, हृदयावर किंवा हाडांवर सवयीपेक्षा थोडा जास्त भार पडला, की पुढच्या एकदोन दिवसांत शरीर त्या जागेची डागडुजी करते आणि ती करताना ती जागा आधीपेक्षा थोडी मजबूत करून ठेवते. व्यायामाचा सगळा फायदा या डागडुजीत आहे. तिच्यासाठी भार हळूहळू वाढणारा असावा लागतो, पोटात पुरेसे अन्न असावे लागते आणि मध्ये विश्रांती मिळावी लागते. सोयाबीनच्या सोंगणीत किंवा धानाच्या रोवणीत सलग पंधरा-वीस दिवस कंबर वाकवून काम करणाऱ्या बाईला यांपैकी एकही गोष्ट मिळत नाही. पहिल्याच दिवशी तिच्यावर पूर्ण भार येतो, दुसऱ्या दिवशी तेवढाच, आणि रात्री घरी आल्यावर चूल तिचीच वाट पाहत असते. तिचे शरीर थकते हे खरे, परंतु सावरायला सवड न मिळाल्यामुळे ते बळकट होण्याऐवजी झिजत जाते.

कष्टकरी माणसाला रक्तदाब होत नाही, हा या हिशेबातून निघालेला सर्वांत धोकादायक निष्कर्ष आहे. गडचिरोली जिल्ह्यातील 'सर्च' या संस्थेने ८६ गावांतील मृत्यूंच्या कारणांचा अभ्यास करून २०१५ मध्ये तो प्रसिद्ध केला. नोंदवलेल्या १,५९९ मृत्यूंपैकी २२९ मृत्यू, म्हणजे सुमारे १४ टक्के, पक्षाघाताने झालेले होते आणि मृत्यूच्या कारणांमध्ये पक्षाघाताचा क्रमांक पहिला होता. ज्या मुलखात लोक बांधीतल्या चिखलात उभे राहून धान रोवतात, उन्हाळ्यात मोहफूल आणि तेंदूपत्ता वेचायला जंगल तुडवतात, त्या मुलखातली ही आकडेवारी आहे. पक्षाघाताचे टाळता येण्यासारखे सर्वांत मोठे कारण म्हणजे वाढलेला रक्तदाब, आणि तो वाढलेला असताना बहुतेकांना कसलाही त्रास जाणवत नाही. डोके दुखत नाही, चक्कर येत नाही, काम सुरळीत चालते, आणि एके सकाळी अर्धे अंग लुळे पडते. तो मोजल्याखेरीज कळत नाही, इतकी साधी ही गोष्ट आहे.

मात्र या विषयाच्या आधुनिक अभ्यासाची सुरुवात ज्या निरीक्षणातून झाली, ते निरीक्षण पारावरच्या माणसाच्या बाजूने साक्ष देते, हेही सांगितले पाहिजे. लंडनमध्ये दुमजली बसगाड्यांवर काम करणाऱ्या चालकांची आणि वाहकांची तुलना जेरेमी मॉरिस या डॉक्टरांनी केली आणि १९५३ मध्ये ती प्रसिद्ध झाली. चालक दिवसभर बसून राही, वाहक तिकिटे फाडत दिवसाकाठी सुमारे ५०० ते ७५० पायऱ्या चढत असे. वाहकांमध्ये हृदयविकार कमी आढळला, आणि ज्यांना झाला त्यांनाही तो उशिरा व कमी तीव्रतेने झाला. पुढे १९५६ मध्ये याच मॉरिस यांनी दोघांच्या गणवेशांची मापे तपासली, तेव्हा चालकांची कंबर तरुण वयापासूनच जास्त रुंद असल्याचे दिसले, म्हणजे सगळा फरक जिन्याने घडवलेला नव्हता. तरीही चालते-फिरते काम हृदयाला हितकारक असते, हे त्यानंतरच्या असंख्य अभ्यासांनी पक्के केले.

आता त्या वाहकाचे काम डोळ्यांसमोर आणावे. अंगावर ओझे नाही, चढ-उतार थोडा वेळ, मध्ये उभे राहणे, शेवटच्या थांब्यावर विसावा. आणि त्याच्या शेजारी आपल्याकडच्या फवारणी करणाऱ्या मजुराला उभे करावे. १६ लिटरचा भरलेला पंप पाठीवर घेतला की पंपाच्या वजनासह तो वीस किलोंच्या आसपास जातो, आणि तो घेऊन ऑगस्टच्या उकाड्यात, ओल्या काळ्या मातीत पाय रोवत, पिकाची ओळ संपेपर्यंत न थांबता चालायचे. दोघेही श्रमच करतात, परंतु शरीराच्या दृष्टीने ती दोन वेगळी कामे आहेत. डेन्मार्कसह युरोपातील काही देशांत झालेल्या अभ्यासांमध्ये असे दिसले, की फावल्या वेळात स्वतःच्या मर्जीने हालचाल करणाऱ्यांचे आयुष्य वाढते, पण दिवसभर जड अंगमेहनतीचे काम करणाऱ्या पुरुषांमध्ये अकाली मृत्यूचे प्रमाण उलट जास्त असते. सर्व अभ्यास याबाबतीत एकमताचे नाहीत, कारण जड काम करणाऱ्यांच्या वाट्याला गरिबी, तंबाखू आणि अपुरे उपचारही येतात आणि त्यांचा परिणाम वेगळा काढणे कठीण असते. परंतु असे का घडत असावे याची कारणे समजण्यासारखी आहेत. आठ-दहा तास नाडी वाढलेली राहिली तर हृदयाला उसंत मिळत नाही. श्वास रोखून पोते किंवा गाठोडे उचलताना रक्तदाब क्षणात उसळतो. एकाच स्थितीत वाकून राहिल्याने काही स्नायू ताठरतात आणि काही दुबळे पडतात. शिवाय कामाचा वेग मजूर ठरवत नाही, तो पाऊस, पीक किंवा मालक ठरवतो.

यात आणखी एक बाब आहे, जी आपण एकमेकांजवळ सहसा कबूल करत नाही. 'आम्ही दिवसभर राबतो' हे वाक्य वीस-तीस वर्षांपूर्वी जितके खरे होते तितके आता राहिलेले नाही. नांगरणी आणि वखरणी ट्रॅक्टरने होते, मळणीला यंत्र येते, वावर एक किलोमीटरवर असले तरी मोटारसायकल निघते. कोरडवाहू पट्ट्यात तूर आणि कापूस घरात आला, की पुढे पेरणीपर्यंत तीन-चार महिने अनेकांना हाताला फारसे कामच नसते. आणि माझे निरीक्षण असे आहे, की व्यायामाची गरज नाही असे ठासून सांगणारा माणूस बऱ्याचदा धुऱ्यावर, म्हणजे वावराच्या बांधावर, उभा राहून मजुरांवर लक्ष ठेवणारा असतो. प्रत्यक्ष निंदण आणि वेचणी करणारी बाई हा प्रश्न विचारायला पारावर येत नाही.

या बाईकडेच थोडे थांबावेसे वाटते. माझ्या आईने उभे आयुष्य कापूस वेचला. कमरेला ओटी बांधून सकाळी वावरात शिरलेली ती दुपारच्या भाकरीपर्यंत पाठ सरळ करत नसे, कारण मजुरी किलोवर मिळत असे. साठीच्या आधीच ती कमरेत वाकली आणि घरातले सगळे म्हणाले, की वयच झाले. पुढे कंबर फार दुखू लागली तेव्हा तिला महिनाभर बाजेवर झोपून राहण्याचा सल्ला मिळाला आणि त्या महिन्यात तिच्या पायांतले उरलेसुरले बळही गेले. कंबरदुखीत पडून राहणे हा उपचार नाही, हे आता वैद्यकात सर्वमान्य आहे. साध्या कंबरदुखीत एकदोन दिवसांपेक्षा जास्त अंथरूण धरू नये, झेपेल तेवढी हालचाल चालू ठेवावी आणि दुखणे ओसरू लागले की पाठीचे, पोटाचे व नितंबांचे स्नायू बळकट करणारे व्यायाम सुरू करावेत. पायाला मुंग्या येऊन बधिरपणा वाढत असेल, लघवीवरचा ताबा सुटत असेल, ताप असेल किंवा पडल्यानंतर दुखणे सुरू झाले असेल, तर मात्र तातडीने डॉक्टरांकडे गेले पाहिजे.

वाकून काम करणाऱ्याला हवा असतो तो त्याच्या कामाच्या उलट दिशेचा व्यायाम. दर अर्ध्या-पाऊण तासाने उभे राहून, दोन्ही हात कमरेवर ठेवून पाच-सहा वेळा हळूच मागे झुकणे. रात्री झोपण्यापूर्वी उताणे पडून, गुडघे वाकवून, कंबर वर उचलून चार-पाच सेकंद धरणे. पालथे पडून छाती उचलणे. यात आणखी दमणे नाही आणि वेळही दहा मिनिटांपेक्षा जास्त लागत नाही. दिवसभर राबलेल्या बाईने घरी आल्यावर पुन्हा तासभर चालावे असे मी म्हणणार नाही. तिला अधिक गरज आहे ती घरातल्या कुणीतरी पाण्याची घागर आणि भांडी आपल्याकडे घेण्याची, जेणेकरून तिला दहा मिनिटे आणि पुरेशी झोप मिळेल.

गुडघ्यांबाबतही उलटाच समज रूढ आहे. गुडघे म्हणजे गाडीचे टायर, जितके चालाल तितके झिजतील, असे मानून पन्नाशीनंतर लोक चालणेच सोडतात. सांध्यातल्या हाडांच्या टोकांवर कूर्चेचे गुळगुळीत आवरण असते आणि त्या कूर्चेत रक्तवाहिन्या नसतात. तिला पोषण मिळते ते सांध्यातल्या वंगणासारख्या द्रवातून, आणि तो द्रव आतबाहेर होतो तो सांधा हलल्यावर, दाबला जाऊन सुटल्यावर. ओला स्पंज दाबून सोडला की तो पुन्हा पाणी शोषतो, तसेच काहीसे हे असते. त्यामुळे बेताने चालल्याने गुडघा पोसला जातो. मात्र वर्षानुवर्षे उकिडवे बसून काम करणे आणि जड ओझी वाहणे यांचा गुडघ्यांच्या झिजेशी संबंध आढळला आहे, म्हणजे इथेही श्रम आणि व्यायाम यांचा हिशेब वेगळाच निघतो. मांडीच्या पुढच्या बाजूचे स्नायू हा गुडघ्याचा खरा आधार असतो. बाजेच्या काठावर बसून एक पाय सरळ करावा, पाच ते दहा सेकंद तसाच धरावा, मग दुसरा, असे दहा-दहा वेळा केले तरी काही आठवड्यांत फरक जाणवतो. वजन जास्त असेल तर ते एक किलोने उतरले तरी चालताना प्रत्येक पावलागणिक गुडघ्यावरचा भार सुमारे चार किलोंनी कमी होतो.

वजनाचा विषय निघालाच आहे, तर सडपातळ माणूस निरोगीच असतो हा समजही तपासला पाहिजे. पुण्याचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांचे ब्रिटिश सहकारी डॉ. जॉन युडकिन यांचे एकत्र छायाचित्र २००४ मध्ये एका वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाले. उंची आणि वजन यांच्या प्रमाणाचा दोघांचा निर्देशांक अगदी सारखा, २२.३ होता, पण शरीरातली चरबी मोजली तर युडकिन यांच्यात ती ९.१ टक्के होती आणि याज्ञिक यांच्यात २१.२ टक्के. दिसायला बारीक असलेल्या भारतीय शरीरात स्नायू कमी आणि चरबी, विशेषतः पोटाच्या आतली चरबी, जास्त असू शकते, हे डॉ. याज्ञिक यांनी अनेक वर्षांच्या कामातून दाखवून दिले आहे. हातपाय काडीसारखे आणि पोट मात्र पुढे, असे पुरुष आपल्याला प्रत्येक गावात दिसतात. त्यांना कुणी लठ्ठ म्हणत नाही आणि त्यांची साखर कुणी तपासत नाही. म्हणूनच भारतीयांसाठी कमरेच्या घेराची मर्यादा कमी ठरवली आहे: पुरुषांसाठी ९० सेंटिमीटर आणि स्त्रियांसाठी ८० सेंटिमीटर. शिंप्याची टेप घेऊन हे कुणालाही घरी मोजता येते.

साखरेच्या बाबतीत स्नायूंचे काम समजून घेतले, तर व्यायामाचा खरा उपयोग ध्यानात येतो. जेवणातून रक्तात आलेल्या साखरेचा मोठा वाटा स्नायू शोषून घेतात. त्यासाठी एरवी इन्सुलिनची किल्ली लागते, पण स्नायू आकुंचन पावत असताना ते त्या किल्लीशिवायही साखरेला आत घेतात. म्हणून जेवणानंतर दहा-पंधरा मिनिटे चालले, तरी रक्तातली साखर कमी चढते. चेन्नईचे डॉ. रामचंद्रन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मधुमेहाच्या उंबरठ्यावर असलेल्या ५३१ जणांवर केलेला अभ्यास २००६ मध्ये प्रसिद्ध झाला. तीन वर्षांत, नेहमीचाच सल्ला मिळालेल्या गटात ५५ टक्के लोकांना मधुमेह झाला. आहार आणि चालण्याकडे लक्ष देणाऱ्या गटात हे प्रमाण ३९ टक्क्यांवर आले, आणि औषध घेणाऱ्या गटातही ते जवळपास तेवढेच होते. लक्षात घ्यावे, की शंभरातल्या ३९ जणांना तरीही मधुमेह झालाच. व्यायामाने धोका कमी होतो, नाहीसा होत नाही. नियमित चालतो म्हणून रक्तदाबाच्या किंवा साखरेच्या गोळ्या आपल्या मनाने बंद करणारे लोक मी पाहिले आहेत. नियमित चालण्याने वाढलेला रक्तदाब साधारण पाच ते आठ अंकांनी उतरतो. ज्याचा वरचा आकडा १७० आहे त्याला तेवढ्याने गोळी सोडता येत नाही.

घाम गाळला की चरबी वितळते, हा समज विदर्भासारख्या उष्ण प्रदेशात जिवावर बेतू शकतो. घाम म्हणजे पाणी आणि मीठ. त्याचे काम त्वचेवरून उडून जाताना शरीराची उष्णता घेऊन जाणे एवढेच आहे. भर उन्हात काम करून किंवा जाड कपडे घालून धावून वजन किलोभर उतरलेले दिसते, ते पाणी प्यायल्यावर परत येते. मे महिन्यात पारा ४५ अंशांवर जातो तेव्हा हवा कोरडी असल्यामुळे घाम लगेच उडतो, अंग ओले दिसत नाही आणि किती पाणी गेले याचा अंदाज लागत नाही. पावसाळ्यातल्या आणि ऑक्टोबरमधल्या दमट उकाड्यात तो उडतच नाही, अंगावरून नुसता वाहतो आणि शरीर थंड होत नाही. शरीराचे तापमान ४० अंशांच्या पुढे जाऊन माणूस बरळू लागला किंवा बेशुद्ध पडला, तर तो उष्माघात असतो. अशा वेळी त्याला सावलीत नेऊन, अंगावर गार पाणी ओतून, वारा घालत तत्काळ दवाखाना गाठावा लागतो. खिशात कांदा ठेवला की ऊन लागत नाही, असे आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या सांगितले जाते. डोक्याला बांधलेला दुपट्टा सावली देतो म्हणून उपयोगी पडतो. खिशातला कांदा काही करत नाही, आणि त्याच्या भरवशावर माणूस ऊन अंगावर घेतो हे अधिक वाईट.

उन्हाळ्यातच भरतीची तयारी करणारी मुले-मुली पहाटे डांबरी रस्त्यांवर धावताना दिसतात. पोलीस शिपाई भरतीत मुलांना १,६०० मीटर आणि मुलींना ८०० मीटर धावावे लागते, त्याशिवाय १०० मीटर धावणे आणि गोळाफेक असते. या मुलांची जिद्द पाहून मन भरून येते, आणि त्यांच्यापर्यंत पोचणारे सल्ले ऐकून तितकीच काळजी वाटते. धावताना पाणी पिऊ नये, पाणी प्यायल्याने पोट फुगते आणि दम लागतो, असे त्यांना सांगितले जाते. एकदम तांब्याभर पाणी पिऊन धावले तर पोटात कळ येईल हे खरे, परंतु तहान मारून धावणे चुकीचे आहे. घोट-घोट पाणी, ताक किंवा लिंबू-मीठ-साखरेचे पाणी घेत राहावे. दुखले म्हणजे व्यायाम लागू पडला, हाही असाच सल्ला. महिनाभराच्या खंडानंतर उठाबशा काढल्या की दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी मांड्या ठणकतात, त्याचे कारण मेहनत करताना स्नायूंत तयार होणारे लॅक्टिक आम्ल साचणे हे असल्याचे सांगितले जाते, पण ते खरे नाही. हे आम्ल साधारण तासाभरात रक्तातून निघून गेलेले असते. सवय नसलेल्या स्नायूंमध्ये, विशेषतः खाली बसताना किंवा उतारावरून उतरताना, सूक्ष्म इजा होतात आणि त्या भरून येताना दुखते. दोन-तीन दिवसांत हे दुखणे आपोआप जाते. पण नडगीच्या हाडावर एकाच ठिकाणी बोट ठेवून दाखवता येईल असे दुखणे, जे धावताना वाढत जाते, ते वेगळे असते. श्वासाचा दम काही आठवड्यांत वाढतो, हाडांना मजबूत व्हायला त्याहून बराच जास्त काळ लागतो, आणि मुलगा दमाच्या भरवशावर अंतर वाढवत गेला तर हाडाला बारीक तडा जातो. भरतीची तारीख जाहीर झाल्यावर पंधरा दिवसांत सगळी तयारी उरकण्याच्या धडपडीत हे घडते. वेदनाशामक गोळी घेऊन त्या पायावर धावणे म्हणजे तडा रुंद करणे होय.

पूर्व विदर्भातल्या मुलांसाठी यात आणखी एक गोष्ट येते, जिच्याकडे मैदानावर सहसा कुणी लक्ष देत नाही. गडचिरोली, गोंदिया, चंद्रपूर, भंडारा, नागपूर या पट्ट्यात सिकलसेलचे प्रमाण लक्षणीय आहे. हा आजार असलेल्यांच्या तांबड्या पेशी शरीरातले पाणी किंवा प्राणवायू कमी पडला की विळ्यासारख्या वाकड्या होऊन बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात आणि असह्य वेदना सुरू होतात. त्यांनी व्यायाम करूच नये असे नाही. डॉक्टरांच्या सल्ल्याने, पाणी पीत, दमछाक होऊ न देता हलका व्यायाम करता येतो. जो या आजाराचा फक्त वाहक आहे, म्हणजे ज्याला आईवडिलांपैकी एकाकडूनच हा दोष मिळालेला आहे, त्याला एरवी काही त्रास नसतो आणि तो सर्वसामान्य आयुष्य जगतो. परंतु कडक उन्हात, अंगातले पाणी आटलेले असताना, ताकदीच्या टोकापर्यंत धावल्यास वाहकालाही क्वचित जिवावरचा प्रसंग येऊ शकतो, हे लष्करी प्रशिक्षणार्थींच्या अभ्यासांतून कळलेले आहे. सिकलसेलची प्राथमिक तपासणी सरकारी आरोग्य केंद्रात होते. धावायला सुरुवात करण्यापूर्वी ती करून घेणे या पट्ट्यातल्या प्रत्येक मुलाच्या हिताचे आहे. मुलींच्या बाबतीत रक्तक्षयाचाही विचार करावा लागतो. २०१९ ते २१ या काळातल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्रातल्या १५ ते ४९ वयोगटातील ५४ टक्के स्त्रियांमध्ये रक्तक्षय आढळला. दहा पावलांत धाप लागणारी मुलगी कामचुकार नसून तिच्या रक्तात प्राणवायू वाहून नेणारे द्रव्यच कमी असू शकते, आणि तिला आधी लोहाच्या गोळ्यांची व अन्नाची गरज असते.

व्यायाम म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर आखाडा येतो, ते स्वाभाविक आहे. अमरावतीचे हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४ पासून उभे आहे आणि १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी तिथल्या चमूने भारतीय खेळांची प्रात्यक्षिके सादर केली होती. या परंपरेचा अभिमान बाळगावाच, पण व्यायाम म्हणजे दंड-बैठका आणि तो करणारा म्हणजे तरणाबांड पैलवान, हे समीकरण मात्र सोडायला हवे. पैलवानाने व्यायाम सोडला की त्याच्या मांसाची चरबी होते, हाही याच वर्तुळातला समज. स्नायू आणि चरबी या दोन वेगळ्या पेशी आहेत, एकीची दुसरी होत नाही. मेहनत थांबल्यावर स्नायू आटतात आणि खुराक तोच राहिल्याने चरबी साठते, एवढेच होते. पोटाचे व्यायाम केल्याने फक्त पोटाची चरबी उतरत नाही, ती सगळ्या अंगातून आपल्या क्रमाने उतरते. आणि व्यायामाने सगळे जिरते असेही नाही. साठ किलोच्या माणसाच्या अर्ध्या तासाच्या भरभर चालण्यात जेमतेम १३० कॅलरी खर्च होतात. शेव घातलेल्या तर्री-पोह्यांची एक प्लेट त्यापेक्षा बरेच काही परत देते.

खर्ऱ्याचा, म्हणजे तंबाखू-सुपारीच्या मिश्रणाचा, हिशेब तर याहून वाईट आहे. खर्रा तोंडात असला की काम ओढले जाते, असे मजूर सांगतात आणि ते खोटे बोलत नसतात, कारण तंबाखूतले निकोटिन मेंदूला तात्पुरती तरतरी देते. त्याच वेळी ते नाडी वाढवते, रक्तवाहिन्या आवळते आणि रक्तदाब चढवते, म्हणजे आधीच जड काम ओढणाऱ्या हृदयावर आणखी एक ओझे ठेवते. सकाळी पाच किलोमीटर चालून दिवसभरात चार खर्रे खाणाऱ्याचे चालणे तोंडाच्या कर्करोगापासून त्याला वाचवत नाही.

मग करावे किती? दहा हजार पावलांचा आकडा मोबाइलमुळे आता गावातही पोचला आहे. तो कुठल्या वैद्यकीय संशोधनातून आलेला नाही. १९६५ मध्ये जपानमध्ये विक्रीला आलेल्या पावले मोजण्याच्या एका यंत्राचे नावच 'दहा हजार पावलांचे मापक' असे होते. साठीपुढच्या माणसाला सहा ते आठ हजार पावलांतच बहुतेक फायदा मिळतो, आणि जो दोन हजारही चालत नाही त्याने चार हजार चालले तरी त्याचा लाभ मोठा असतो. जागतिक आरोग्य संघटनेने २०२० मध्ये दिलेल्या सूचनांनुसार प्रौढांनी आठवड्यात १५० ते ३०० मिनिटे मध्यम वेगाची हालचाल आणि दोन दिवस स्नायूंना बळ देणारा व्यायाम करावा. पासष्टीपुढे तोल सांभाळण्याचे व्यायाम आठवड्यातून तीन दिवस जोडावेत. मध्यम वेग ओळखायला यंत्र लागत नाही. चालताना सोबत्याशी बोलता येते, पण भजन म्हणता येत नाही, तो मध्यम वेग.

हे प्रमाण विदर्भातल्या शेतीच्या वर्षाला जुळवून घ्यावे लागेल. पेरणीपासून वेचणीपर्यंत जो खरोखर अंगमेहनत करतो, त्याला चालण्याची भर घालण्याची गरज नाही. त्याला पाठ सरळ करणारे व्यायाम, पाणी, अन्न आणि झोप हवी. धुऱ्यावर उभ्या राहणाऱ्याला मात्र बाराही महिने चालले पाहिजे. माल विकून झाल्यावर रिकामे महिने येतात, तेव्हा सकाळी आठच्या आत किंवा दिवस मावळल्यावर पांदण रस्त्याने अर्धा तास चालणे, आणि मोटारसायकल घरी ठेवून वावरात जाणे, हे दोघांनाही जमण्यासारखे आहे. बऱ्याच वर्षांच्या बैठ्या सवयीनंतर सुरुवात करणाऱ्याने आधी रक्तदाब आणि साखर मोजून घ्यावी. चालताना छातीत दाटून येत असेल आणि थांबल्यावर बरे वाटत असेल, तर त्याला गॅस समजून सोडा पिऊन पुढे चालू नये. ती हृदयाची तक्रार असू शकते आणि तिच्यासाठी त्याच दिवशी दवाखान्यात जावे.